गेलेली बढती आणि गेलेला काळ

आपल्या मंडळाच्या स्मरणिकेत ज्ञातीतील थोर पुरुषांची चरित्रे, कुलदैवतांची माहिती आणि गुणवंत विद्यार्थ्यांच्या याद्या दरसाल प्रसिद्ध होत असतात, व ते योग्यच आहे. यंदा मात्र एका निराळ्या विषयाकडे वाचकांचे लक्ष वेधण्याचे आम्ही योजिले आहे. बीड जिल्ह्यातील आपल्या ज्ञातीची घरे पाहिली, तर शेती व लहानमोठा व्यापार यांच्या जोडीला सरकारी नोकरी हा तिसरा आधार बहुतेक घरांस लाभलेला दिसतो. कोणाचे आजोबा तहसील कचेरीत पेशकार होते, कोणाचे वडील अव्वल कारकून होते, कोणाची सून आज जिल्हा परिषदेत आहे. अशा घरांतून पत्र्याची एक पेटी हमखास सापडते. तीत जमिनीचे कागद असतात, जन्मपत्रिका असतात, आणि त्यांच्या तळाशी दोरीने बांधलेला एक गठ्ठा असतो. तो सोडून पाहावा तो काय? 'माझ्याहून कनिष्ठ असलेल्या इसमास बढती मिळाली व मला डावलण्यात आले' अशा आशयाच्या अर्जांच्या स्थळप्रती!

हे अर्ज लिहिणारे पुष्कळ जण आज हयात नाहीत. त्यांपैकी फार थोडे न्यायालयात गेले. आणि जे गेले त्यांपैकी कित्येकांना 'आपण फार उशिरा आलात' एवढेच उत्तर मिळाले. या उत्तराने घरोघरी एक कडवटपणा मागे ठेविला आहे. 'अन्याय झाला तो झालाच. तो दहा वर्षांनी सांगितला म्हणून का खोटा ठरतो?' हा प्रश्न आम्ही लहानपणापासून ऐकत आलो. प्रश्न साधा आहे, परंतु त्याचे उत्तर साधे नाही. ते शोधावयाचे तर आपल्याच मराठवाड्याच्या इतिहासात थोडे मागे जावे लागेल.

१७ सप्टेंबर १९४८ पर्यंत बीड जिल्हा निजामाच्या राज्यात होता. सालारजंगाने १८६५ साली जिल्हाबंदी करून जी राज्यव्यवस्था घालून दिली, तिच्यात जिल्ह्याचा मुख्य तो अव्वल तालुकदार, त्याच्या हाताखाली दुय्यम तालुकदार, आणि तालुक्यास तहसीलदार अशी चढती श्रेणी होती. दफ्तराची भाषा उर्दू होती. मराठी घरातला मुलगा घरी मोडी वा बाळबोध शिके आणि पोटासाठी उर्दू शिके. पोलीस कारवाईनंतर निजामी राजवट संपली, तरी हैदराबाद हे राज्य म्हणून आणखी आठ वर्षे राहिले. पुढे राज्यपुनर्रचनेचा कायदा झाला व १ नोव्हेंबर १९५६ रोजी औरंगाबाद, परभणी, नांदेड, बीड व उस्मानाबाद हे पाच जिल्हे द्वैभाषिक मुंबई राज्यात आले. १ मे १९६० रोजी त्याचेच महाराष्ट्र राज्य झाले. सामान्य रयतेला या घटनांत आनंद होता. भाषेचे माणूस भाषेच्या राज्यात आले. परंतु नोकरदाराच्या जीवनात त्याच दिवशी एक नवा पेच उत्पन्न झाला.

तो पेच असा. दोन गावच्या दोन वऱ्हाडांना एकाच पंगतीत बसवावयाचे झाले, तर कोणाचे पान कोठे मांडावे हा प्रश्न पडतो. हैदराबादचा तहसीलदार आणि मुंबई इलाख्याचा मामलेदार ही नावे वेगळी, काम बहुतांशी एकच. परंतु भरतीचे नियम वेगळे, परीक्षा वेगळ्या, वेतनश्रेणी वेगळ्या, आणि वरच्या जागी जाण्याची वाटही वेगळी. या सर्वांची एक ज्येष्ठतासूची करावयाची होती. कायदा करणाऱ्यांस याची जाणीव होती. राज्यपुनर्रचना कायद्याच्या ११५ व्या कलमात नोकरांना न्याय्य व समतेची वागणूक मिळावी, त्यांच्या निवेदनांचा नीट विचार व्हावा, त्यासाठी सल्लागार समित्या नेमाव्यात अशी तरतूद करण्यात आली. त्याच कलमात असेही म्हटले होते की, केंद्र सरकारची पूर्वसंमती असल्याखेरीज सेवेच्या शर्ती नोकराच्या तोट्याच्या होतील अशा रीतीने बदलू नयेत. कागदावर याहून अधिक काय करता आले असते?

परंतु सूची तयार होण्यास वर्षे लागली. आक्षेप मागविले गेले, सूची दुरुस्त झाली, पुन्हा आक्षेप आले. मधल्या काळात राज्याचा कारभार थांबवून ठेवणे तर शक्य नव्हते. जागा रिकाम्या होत, त्या भरल्या जात; पण हुकुमात 'तात्पुरती' हा शब्द घातला जाई. या एका शब्दाने पुढे केवढे काम केले हे थोड्याच वेळात दिसून येईल.

मराठवाड्याच्या तहसीलदारांची तक्रार मुख्यतः डेप्युटी कलेक्टरच्या जागेविषयी होती. मुंबई राज्याच्या पद्धतीप्रमाणे डेप्युटी कलेक्टरच्या बढत्या महसुली विभागवार होऊ लागल्या, आणि एकूण रिकाम्या जागांपैकी निम्म्याच बढतीने भरल्या जाऊ लागल्या. हैदराबादेत असतो तर आमच्या वाट्याला आलेली संधी याहून मोठी असती, असे या मंडळींचे म्हणणे होते. त्यांपैकी काहींनी अखेर सर्वोच्च न्यायालयात थेट अर्ज केला. रामचंद्र शंकर देवधर आणि इतर विरुद्ध महाराष्ट्र राज्य या नावाने तो खटला कायद्याच्या पुस्तकांत प्रसिद्ध आहे. घटनापीठाने १९७३ साली त्याचा निकाल दिला व तो न्यायमूर्ती पी. एन. भगवती यांनी लिहिला.

सरकारपक्षाने पहिलाच आक्षेप घेतला तो विलंबाचा. तक्रारीचे कारण घडल्यास दहा-बारा वर्षे लोटली. इतकी वर्षे हे गृहस्थ कोठे होते? आक्षेप काही पोकळ नव्हता. पाचच वर्षांपूर्वी, १९६८ साली, तिलोकचंद मोतीचंद या पेढीच्या विक्रीकराच्या वादात सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींनी या प्रश्नाचा खल केला होता. त्या वेळचे सरन्यायाधीश हिदायतुल्ला हे नागपूरच्या न्यायालयात वाढलेले गृहस्थ. मूलभूत हक्काच्या अर्जास ठराविक अशी मुदत नाही, तथापि प्रत्येक प्रकरणी विलंब किती व का झाला हे पाहून न्यायालय दाद देईल अथवा नाकारील, अशी त्यांची भूमिका होती. आणि त्या पेढीला दाद मिळाली नव्हती. १९६९ साली रवींद्रनाथ बोस यांच्या खटल्यात तर बढतीचाच प्रश्न होता. प्राप्तिकर खात्यातील अधिकाऱ्यांनी सुमारे पंधरा वर्षांपूर्वीच्या गोष्टी उकरून काढल्या होत्या. न्यायालयाने त्यांना सांगितले की, फार पूर्वी झालेली आपली नेमणूक वा बढती आता कोणी उलथून टाकणार नाही अशा भरवशाने स्वस्थ बसण्याचा प्रत्येकास अधिकार आहे.

असे असताही मराठवाड्याच्या तहसीलदारांस 'उशिरा आलात' म्हणून परत पाठविण्यात आले नाही. न्यायालयाने सांगितले की, जुनी तक्रार ऐकू नये हा कायद्याचा नियम नव्हे, ती विवेकाची एक रीत आहे. प्रत्येक प्रकरण त्याच्या हकिगतीवरून ठरते. मग त्या रीतीमागचे तत्त्व कोणते? तर, मधल्या काळात इतरांना जे हक्क प्राप्त झाले ते विनाकारण मोडले जाऊ नयेत हे. या तत्त्वाच्या कसोटीस देवधर प्रकरण लावून पाहता असे दिसून आले की, आजवरच्या बढत्या तात्पुरत्या होत्या व ज्येष्ठतासूची अद्यापि पक्की झालेली नव्हती. म्हणजे या अर्जामुळे कोणाचा पक्का झालेला हक्क हिरावला जाणार नव्हता. शिवाय समान संधीचा हक्क हा मूलभूत हक्क. त्याचे रक्षण करण्यास बसविलेल्या न्यायालयाने केवळ विलंबाच्या सबबीवर दार लावून घेणे उचित नाही. म्हणून अर्ज गुणदोषांवर ऐकला गेला.

येथे एक गोष्ट प्रांजळपणे सांगितली पाहिजे. दार उघडले म्हणून आतले सर्व मागणे मान्य झाले असे नव्हे. विभागवार बढती आणि निम्म्या जागांची मर्यादा यांमुळे आमच्या सेवेच्या शर्ती बिघडल्या व ११५ व्या कलमाचा भंग झाला, हा त्यांचा युक्तिवाद न्यायालयाने मान्य केला नाही. बढतीसाठी आपला विचार व्हावा हा नोकराचा हक्क सेवेची शर्त होय. परंतु बढती मिळण्याची नुसती शक्यता ही शर्त नव्हे, आणि ती शक्यता कमी झाली एवढ्यावरून कायद्याचा भंग होत नाही, असा भेद त्यांनी केला. तो म्हैसूर राज्याच्या एका खटल्यात याआधीच करण्यात आला होता. आपल्या पुष्कळ घरांतील अर्ज याच भेदावर अडून राहिले आहेत, म्हणून तो ध्यानी ठेवावा.

आता दुसरी बाजू पाहू. देवधर प्रकरणाचा निकाल लागून पुरते वर्षही झाले नसेल, तोच १९७४ साली त्याच न्यायालयापुढे तामिळनाडूतील सदाशिवस्वामी नावाच्या अभियंत्याचे प्रकरण आले. १९५७ साली त्यांच्याहून कनिष्ठांना बढती देण्यात आली होती व ते न्यायालयात गेले चौदा वर्षांनी. न्यायालयाने दाद दिली नाही. आपल्या डोक्यावरून कनिष्ठास नेले असे ज्यास वाटते त्याने सहा महिन्यांत, फार तर एका वर्षात न्यायालयाकडे यावे, असा दंडक या निकालाने घालून दिला, आणि आजही वकील मंडळी तो पदोपदी सांगतात. १९७५ साली माल्कम डिसोझा या प्राप्तिकर अधिकाऱ्याच्या खटल्यातही तेच झाले. त्यांची ज्येष्ठता १९५६ साली ठरली होती, १९५८ च्या यादीत पुन्हा प्रसिद्ध झाली होती, आणि अर्ज आला १९७१ साली. अशा जुन्या गोष्टी वरचेवर उकरल्या गेल्या तर नोकरवर्गात सदैव अनिश्चितता राहील व कारभारात घोटाळे होतील, असे कारण देऊन तो फेटाळण्यात आला. खुद्द महाराष्ट्रातही याचा दाखला आहे. मुंबईच्या शिधावाटप खात्यातील अधिकाऱ्यांच्या ज्येष्ठतेविषयी सरकारने १९६८ साली एक ठराव काढला होता. त्याविरुद्ध उच्च न्यायालयात अर्ज झाला तो १९७६ साली. माकाशी विरुद्ध मेनन या नावाच्या त्या खटल्यात १९८१ साली सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की, आठ वर्षे गप्प राहिलेल्यांचा अर्ज याच कारणासाठी फेटाळावयास हवा होता.

वरवर पाहणाऱ्यास हे निकाल परस्परविरुद्ध वाटतील. बारा वर्षांचा विलंब एकास माफ व्हावा आणि आठ वर्षांचा दुसऱ्यास होऊ नये, हे कसे? आम्हांसही प्रथम तसेच वाटले. परंतु निकाल शेजारी शेजारी ठेवून वाचले असता ध्यानात येते की, न्यायालय वर्षे मोजीत नव्हते. ते माणसे मोजीत होते. गेल्या वर्षांत त्या पायरीवर दुसरे कोणी पक्के उभे राहिले आहे काय, एवढेच ते पाहत होते. दुधाला विरजण लावल्यावर घटकाभरात ते काढून घेता येईल. दही लागल्यावर त्याचे पुन्हा दूध होत नाही. मराठवाड्याच्या प्रकरणी 'तात्पुरती' या शब्दाने दही लागू दिले नव्हते. इतर प्रकरणी ते केव्हाच लागले होते.

हा भेद २००८ साली तरसेमसिंग नावाच्या सैनिकाच्या प्रकरणात अधिक स्पष्ट झाला. प्रश्न अपंगत्वाच्या निवृत्तिवेतनाचा होता व विलंब सोळा वर्षांचा होता. न्यायालयाने म्हटले की, वेतन वा निवृत्तिवेतन चुकीचे ठरविले गेले असेल तर ती चूक दरमहा नव्याने घडते, आणि तिच्या दुरुस्तीने तिसऱ्या माणसाचे काही जात नाही. म्हणून उशीर झाला तरी दाद द्यावी, फार तर मागील थकबाकी अर्जापूर्वीच्या तीन वर्षांपुरती द्यावी. परंतु ज्येष्ठता व बढती यांचा प्रश्न असेल तर दुसऱ्यांचे हक्क हलतात. तेथे विलंब घातक ठरतो. आमच्या मते सर्व विषयाचे सार यात आले आहे. आपले पोट चुकीने कापले गेले असेल तर काळ पुष्कळसा क्षमा करितो. दुसऱ्याचे पान उचलावयाचे असेल तर करीत नाही.

येथे आमच्याच घरची हकीगत सांगावी लागते. आमचे वडील हैदराबादी अमदानीत या जिल्ह्यातील एका कचेरीत कारकून म्हणून लागले. उर्दूत टिपणे लिहिण्यात त्यांचा हात बसलेला होता. राज्य बदलले तसे त्यांनी मराठी टिपणाची सवय केली, खात्याची परीक्षा दिली. पुढे एक यादी निघाली व तीत त्यांच्यानंतर लागलेल्या एका सहकाऱ्याचे नाव त्यांच्या वर आले. वडिलांनी अर्ज केला. उत्तर आले, 'विचाराधीन आहे'. वर्षाने दुसरा अर्ज, पुन्हा तेच उत्तर. अशा अकरा स्थळप्रती आमच्या पेटीत आहेत. प्रत्येकीवर आवक क्रमांक व्यवस्थित टिपलेला, प्रत्येकीच्या शेवटी 'आपला आज्ञाधारक'. न्यायालयात जाण्याचे नाव काढले की ते म्हणत, 'ज्याचे मीठ खाल्ले त्या सरकारवर फिर्याद करू?' आणि वर, 'शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये' ही म्हण होतीच. अखेर निवृत्त झाल्यावर एका वकिलास त्यांनी तो गठ्ठा दाखविला. वकील भला होता. त्याने फी घेतली नाही. तो म्हणाला, 'दादा, कागद एकही चुकलेला नाही. फक्त हे सर्व अर्ज ज्या दारात दिले ते दार तुमच्या कामाचे नव्हते.'

त्या वकिलाच्या बोलण्यातील मर्म आम्हांस पुष्कळ उशिरा उमगले. अर्जामागून अर्ज करीत राहिल्याने मुदत वाढत नाही, हे १९८९ साली एस. एस. राठोर यांच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाच्या सात न्यायमूर्तींनी स्पष्ट केले. नियमाने ज्या अपिलाची वा निवेदनाची सोय आहे तेवढेच हिशेबात धरावयाचे; त्याचा निकाल लागला म्हणजे, अथवा सहा महिन्यांत काहीच उत्तर आले नाही तर ते महिने संपल्यावर, मुदत चालू होते. त्यापुढचे अर्ज हे मनाचे समाधान होय. २००८ सालच्या सी. जेकब यांच्या प्रकरणात तर यापुढची एक युक्तीही उघडी पाडण्यात आली. १९८२ साली नोकरी गेलेल्या मनुष्याने अठरा वर्षांनी निवेदन द्यावयाचे, 'निवेदनाचा विचार करा' एवढाच साधा हुकूम न्यायालयाकडून मिळवावयाचा, आणि नकाराचे उत्तर आले की तेच नवे कारण म्हणून पुन्हा यावयाचे. मेलेला दावा अशा उत्तराने जिवंत होत नाही, असे न्यायालयाने बजावले.

परंतु आमच्या वडिलांच्या हकिगतीत आणखी एक पात्र आहे, व त्याविषयी आम्ही घरात कधी विचारच केला नव्हता. ते म्हणजे ज्यांचे नाव वर लागले ते सहकारी. ते आमच्या घरी संक्रांतीला तिळगूळ घेऊन येत. वडील त्यांच्याशी हसून बोलत, आणि ते गेल्यावर बराच वेळ काही बोलत नसत. यादी त्या गृहस्थांनी केली नव्हती. बढतीच्या पगारावर त्यांनी कर्ज काढून घर बांधले, मुलींची लग्ने केली, धाकट्या भावास पुण्यास शिकविले. समजा, बारा-पंधरा वर्षांनी वडील न्यायालयात जाऊन जिंकले असते, तर त्या माणसास कोणत्या पायरीवर आणून बसविले असते? आणि त्यांच्या मागोमाग ज्यांना बढत्या मिळाल्या त्यांचे काय? बढती ही शिडी आहे. मधला एक दांडा काढला की वरचे सगळेच कोसळतात. इकडे वडिलांवर झालेला अन्याय खरा होता हे आम्ही आजही म्हणतो. परंतु खरा अन्यायसुद्धा योग्य वेळी बोलला नाही, तर त्याचे निवारण दुसऱ्या निरपराध माणसावर अन्याय केल्यावाचून होत नाही, ही गोष्ट आम्हांस त्या निकालांनी शिकविली. आमच्या मनातील कडवटपणा त्याने पुष्कळ निवळला.

उशिराची सर्व जबाबदारी नोकरावरच टाकणे मात्र न्यायाचे होणार नाही. त्या काळी बीडच्या माणसाला उच्च न्यायालय म्हणजे मुंबई. बीड शहरास रेल्वे नव्हती. मोटारीने नगरपर्यंत जावे, तेथून पुढची गाडी धरावी, परक्या शहरात मुक्काम करावा, न ओळखणाऱ्या वकिलापुढे इंग्रजी कागद ठेवावेत, आणि तारीख पडली म्हणजे परतावे. वरून रजा मंजूर करणार तोच साहेब, ज्याच्या हुकुमाविरुद्ध दाद मागावयाची! पगारात ज्याचे घर कसेबसे चाले त्याने 'पुढच्या यादीत तरी होईल' अशी आशा धरली, तर त्याला झोपला असे कोणी म्हणू नये. सरकारी दप्तरेही काही कमी निजलेली नव्हती. एका सूचीस दहा दहा वर्षे लावून नंतर 'तुम्ही उशिरा आलात' असे सरकारनेच म्हणावे, यात जी विसंगती आहे ती देवधर प्रकरणाच्या निकालाने बरोबर हेरली होती.

आज ती स्थिती राहिलेली नाही. २७ ऑगस्ट १९८१ रोजी मुंबई उच्च न्यायालयाचे पीठ औरंगाबादेस, म्हणजे आताच्या छत्रपती संभाजीनगरात, बसू लागले. घटनेच्या ३२३-अ या अनुच्छेदानुसार १९८५ साली प्रशासकीय न्यायाधिकरणांचा कायदा झाला, आणि जुलै १९९१ मध्ये महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण स्थापन झाले. त्याचेही एक पीठ तेथेच आहे. राज्य सरकारच्या नोकराने बढती व ज्येष्ठता यांचे गाऱ्हाणे प्रथम तेथे न्यावयाचे असते. कायद्याने मुदतही नेमून दिली आहे. अंतिम हुकूम झाल्यापासून एक वर्ष. आणि रीतसर निवेदन वा अपील करून सहा महिने उत्तर आले नाही, तर ते सहा महिने संपल्यापासून एक वर्ष. पुरेसे कारण दाखविल्यास विलंब माफ करण्याचा अधिकार न्यायाधिकरणास आहे; पण कारण खरे व दिवसादिवसाचा हिशेब देणारे असले पाहिजे. बीडहून तेथे एसटीने सकाळी निघालेला मनुष्य संध्याकाळी घरी परत येतो. वडिलांच्या पिढीची सबब आता आपणांस उरलेली नाही.

म्हणून आपल्या ज्ञातीतील नोकरदार तरुण-तरुणींस आमचे सांगणे थोडक्यात असे आहे. ज्येष्ठतासूची प्रसिद्ध झाली की ती त्याच आठवड्यात पाहावी. नोकरीस लागल्याची तारीख, परीक्षा उत्तीर्ण झाल्याची तारीख व आपला क्रमांक सेवापुस्तकाशी ताडून घ्यावा. चूक दिसल्यास सूचीवर आक्षेपासाठी दिलेल्या मुदतीतच लेखी आक्षेप नोंदवून पोच घ्यावी. एकच निवेदन करावे, परंतु नेमके करावे. आणि सहा महिने मोजून पुढचा मार्ग धरावा. ज्यांच्या बढतीस आपली हरकत आहे त्यांना पक्षकार करावयास संकोचू नये, कारण त्यांच्या पाठीमागे त्यांच्याविरुद्ध निकाल मागणे हे न्यायालयासही रुचत नाही व माणुसकीसही शोभत नाही. सरकारवर दाद मागणे म्हणजे बेइमानी, ही कल्पना तर मनातून काढून टाकावी. समान संधीचा हक्क राज्यघटनेच्या १६ व्या अनुच्छेदाने दिला आहे. तो वेळेवर मागणारा नोकर राज्याचा अपराधी नव्हे.

आणि निवृत्त वडीलधाऱ्यांस विनंती एवढीच की, पेटीतला गठ्ठा उघडून त्याची दोन भागांत वाटणी करावी. पगार, वेतननिश्चिती व निवृत्तिवेतन यांचे कागद एकीकडे काढावेत. त्यांत चूक असेल तर ती आजही एखाद्या जाणत्या वकिलास दाखविण्यासारखी आहे. बढतीचे जुने अर्ज दुसरीकडे ठेवावेत. ते आता न्यायालयाच्या कामाचे नाहीत, पण म्हणून ते टाकून देऊ नयेत. हैदराबादचे राज्य जाऊन मराठी राज्य येताना मराठवाड्यातल्या साध्या कारकुनाने, पेशकाराने, तहसीलदाराने काय सोसले, याची ती अस्सल साधने होत. मोठ्या घटनांचा इतिहास इतर लिहितीलच. आपल्या घरचा इतिहास आपणच जपला पाहिजे.

आमच्या वडिलांच्या अकरा स्थळप्रती आम्ही पुन्हा त्याच दोरीने बांधून ठेविल्या आहेत. ज्या सहकाऱ्याचे नाव त्यांच्या वर लागले होते, त्यांच्या नातवाची गाठ मध्यंतरी एका लग्नात पडली. तो आज सरकारी नोकरीत आहे. नवी ज्येष्ठतासूची निघाली असून तीत आपला क्रमांक चुकला आहे, असे तो बोलता बोलता म्हणाला. आम्ही त्याला पहिला प्रश्न विचारला, 'सूची निघून किती दिवस झाले?' तो म्हणाला, 'वीस.' मग त्यास जेवणाच्या पंगतीतून उठवून कागद-पेन्सिल दिली.